पहिली दहा वर्षं ताईची

ता. ४ मार्च

ती. बाबांना,
तुमच्या लेकीचा सा. न. वि. वि.

घर आपल्याला शेवटी कितीला पडणार, असं तुम्ही विचारलंत. चार दिवस डोकं खाजवून कबूल करते की मला सांगता येत नाही. त्या घराच्या मालकीणबाई पंचवीस लाख म्हणतात. त्यातले पाच तुमच्या साठवणीतले, उरलेले वीस बँकेचे. इथपर्यंत मला नीट दिसतं. पुढे व्याजाचा रस्ता लागतो आणि धुकं सुरू होतं.

तरी प्रयत्न केला. जेवणाच्या सुट्टीत डबा बाजूला सारून मांडलं: वीस लाखांवर नऊ टक्के म्हणजे वर्षाला एक लाख ऐंशी हजार, वीस वर्षांचे छत्तीस लाख, वर मूळचे वीस. छप्पन्न लाख होतात, बाबा. पुन्हा केलं तरी तेवढेच आले. शेजारच्या टेबलावरच्या टंकलेखिकाबाईंना दाखवलं, तर त्या म्हणाल्या की असले हिशेब कुणी करत नसतं. करत असते तर या गावात एकही इमारत उभी राहिली नसती. त्यांनी स्वतः कधीच केला नाही आणि त्यांना छान झोप लागते.

मला मात्र पटत नाही. एवढी मोठी गोष्ट घ्यायची आणि तिची किंमत माहीत नसायची, हे कसं? उद्या कुणी आईला विचारलं की घर कितीला घेतलंत, तर तिने काय सांगावं?

माझं बरं चाललंय. पाणीपट्टीच्या कार्यालयात जुन्या थकबाकीच्या सगळ्या फायली माझ्याकडे सरकवल्या आहेत. साहेबांचं म्हणणं असं की इतिहासाची पदवी आहे, जुनं ते हिच्याकडे द्या. आईच्या खोकल्याविषयी मागच्या वेळेसारखं नुसतं बरा आहे असं लिहू नका. खरं लिहा.

लोभ आहेच, त्यावर व्याज मागू नये.

तुमची,
माई

ता. ११ मार्च

चि. पदवीधर माई,
अनेक आशीर्वाद.

छप्पन्न लाख वाचून माझ्या हातातली सुई एका सोफ्याच्या गादीतच राहिली. ती काल वकीलसाहेबांना सापडली, ते बसले तेव्हा. शिव्या खाल्ल्या, वर गादी फुकट उसवून शिवून द्यावी लागली. तेव्हा पुढचा आकडा जरा जपून कळव.

आता मी काय ठरवलं ते ऐक. मोठं काम एका अंगावर घेऊ नये, निम्मं-निम्मं करावं. आपल्या दुकानात निम्मे पैसे आगाऊ आणि निम्मे माल पोचल्यावर. या रिवाजाने मी कुणाला बुडवलं नाही, कुणी मला बुडवलं नाही. कर्जाचंही तसंच करू. वर्षं वीस, मुलं दोन. पहिली दहा वर्षं तुझी, पुढची दहा गुंड्याची. निम्मं तू फेडायचं, निम्मं त्याने. घर दोघांचं सारखं. माझ्यामागे वाटणीवरून तुमच्यात तू-तू-मैं-मैं नको.

दहा वर्षांनी तू तेहतीसची होशील. त्या दिवशी तुझं नाव कर्जातून काढू आणि गुंड्याचं घालू. मग खुशाल नोकरी सोड आणि जे पुढचं शिकायचं आहे ते शीक. कॉलेजात शिकवायचं म्हणतेस ना, तिथे शिकव. हा माझा शब्द. तू घरातली पहिली शिकलेली. तुझ्या शिक्षणाचा घरासाठी उपयोग करायचा आणि तुला तिथेच बांधून ठेवायचं, एवढा मी अप्पलपोटा नाही. माझ्या तीस वर्षांच्या धंद्याचा एक कागद नाही आणि तुझ्या सात महिन्यांच्या पगाराचे सात आहेत, म्हणून बँक तुझ्याकडे बघते. नाहीतर तुला विचारलंही नसतं.

खोकल्याचं खरं लिही म्हणतेस, तर लिहितो. दुकान आणि खोली यांच्यामध्ये एक पडदा. काथ्याची आणि फोमची धूळ काही पडदा बघून थांबत नाही. डॉक्टरांनी आईला तपासलं आणि मला बाहेर बोलावून सांगितलं की औषध मी देतो, धूळ तुम्ही थांबवा. धंदा बंद करू शकत नाही, म्हणून तिला हलवायचं. मालकीणबाईंना पन्नास हजार विसार दिला आहे. एप्रिलअखेर बँकेचं ठरलं पाहिजे. त्या आयुष्यभर रुग्णालयात परिचारिका होत्या, आईचा खोकला ऐकून त्यांनी आपण होऊन थांबायचं कबूल केलं.

घर तीन खोल्यांचं, वरच्या मजल्यावर. वारा असा की वर्तमानपत्र हातात राहत नाही.

आशीर्वाद नेहमीचेच, पण मनापासून.

बाबा

ता. २२ मार्च

ती. बाबांना,
सा. न. वि. वि.

सुई वाचून हसले आणि मग वकीलसाहेबांची कीव आली. या वेळचा आकडा चांगला आहे, बसून वाचला तरी चालेल.

बँकेत जाऊन आले. तिथल्या अधिकारी बाईंनी माझे छप्पन्न लाख पाहिले आणि कागद उलटा करून कोरी बाजू वर घेतली. मग म्हणाल्या की मी वीस वर्षं पूर्ण वीस लाखांवर व्याज लावलंय, पण मुद्दल तर दर महिन्याला थोडं थोडं कमी होत जातं. इतिहासवाल्यांचं हे असंच, एकदा घडलेलं पुढे कमी होतं हे ध्यानात राहत नाही. हप्ता सुमारे अठरा हजार आणि वीस वर्षांत एकूण त्रेचाळीस लाख वीस हजारांच्या आसपास. छप्पन्न नव्हे.

मी खूश होऊन परतले, तर आमच्या कार्यालयातल्या रोखपालकाकांनी पुन्हा घोळ घातला. ते पुढच्या वर्षी निवृत्त होतात आणि गेल्या वर्षी त्यांचं कर्ज फिटलं. त्यांचं म्हणणं असं की एकूण हा शब्दच खोटा. त्यांचा पहिला हप्ता गेला तेव्हा पगारातले चार पैसेही उरले नव्हते, आणि शेवटचा हप्ता गेला तेव्हा तेवढ्यात घरात महिन्याची भाजीसुद्धा आली नसती. मग त्या दोघांची बेरीज कशी करायची? हत्ती आणि शेळी मोजून दोन जनावरं म्हणण्यासारखं आहे ते. मला हे अगदी पटलं. पण मग घर कितीला पडलं, असं विचारल्यावर ते हसले आणि खिडकीवरच्या रांगेकडे वळले.

असो. तुमची दहा-दहाची योजना मला मनापासून आवडली. पगारातून अठरा हजार गेले की खोलीभाडं आणि खानावळ कशीबशी निघेल, पण निघेल. दहा वर्षं मी ही खुर्ची आनंदाने सांभाळेन. त्यात त्याग वगैरे काही नाही, शेवट माहीत असला की काम जड होत नाही. कॉलेजातल्या माझ्या बाईंनाही लिहिलं की मी तेहतिसाव्या वर्षी परत येणार. त्यांनी उत्तर पाठवलं की वर्गातली मागची जागा धरून ठेवतील.

आईला सांगा, वरच्या मजल्यावर जायच्या आधी जिना चढून बघ.

लोभ आहे तसाच असू द्यावा, बदलत्या दराचा नको.

तुमची,
माई

ता. ३० मार्च

माई ताईस,
साष्टांग वगैरे घातला असं समज, गुडघा दुखतोय.

तू बाबांना काय लिहिलंस ते तुला माहीत आहे का? छप्पन्नाचे त्रेचाळीस झाले हे वाचून ते दुकानाबाहेर जाऊन उभे राहिले. आता गल्लीत सांगत सुटलेत की माझी मुलगी बँकेत गेली, दोन शब्द बोलली आणि तेरा लाख कमी करून आली. लोखंडाच्या दुकानदाराने विचारलंय की त्याच्या ट्रकच्या कर्जाचंही तू बघशील का. मी बाबांना समजावायला गेलो की ती आधी चुकली होती, तर म्हणाले की शिकलेलं माणूस चुकत नाही, घासाघीस करतं.

दहा-दहाचं मला मंजूर आहे. माझ्या वर्गातल्या पोरांना सांगितलं की दहा वर्षांनी मी अर्ध्या घराचा मालक होणार. तोवर माझा वीजतंत्रीचा अभ्यासक्रम संपेल, धंदा जमेल, अठरा हजार म्हणजे काय. तुझे रोखपालकाका म्हणतात ते खरं असेल तर मला शेळी आली आणि तुला हत्ती. मोठेपणाचा मान तुझाच.

बाबा काल टेप घेऊन वरच्या घरात गेले होते. तिसरी खोली त्यांनी इतक्यांदा मोजली की मालकीणबाईंनी विचारलं, खोली वाढतेय का. आई बरोबर होती. ती जिन्यात बसली आणि म्हणाली की तुम्ही व्हा पुढे, मी दम घेऊन येते. ती वर आलीच नाही. हे बाबांनी तुला लिहिलं नसणार, म्हणून मी लिहितोय.

तुझा आज्ञाधारक (कधी कधी),
गुंड्या

ता. ५ एप्रिल

प्रिय गुंड्यास,
ताईचे आशीर्वाद, गुडघ्यासकट.

तुझं पत्र दोनदा हसत वाचलं, तिसऱ्यांदा मात्र हसू आलं नाही. कारण त्याच दिवशी मी बँकेतून आले होते.

मी अधिकारी बाईंना सहज विचारायला गेले की निम्मं कर्ज फिटल्यावर माझं नाव काढून भावाचं कसं घालायचं. त्यांनी विचारलं, निम्मं म्हणजे कधी. मी म्हटलं, दहा वर्षांनी. त्यांनी संगणकाचा पडदा माझ्याकडे वळवला. दहाव्या वर्षाच्या शेवटी बाकी होती चौदा लाख वीस हजार.

मला वाटलं, त्या भलत्याच कुणाचं कर्ज दाखवताहेत. पण आपलंच होतं. पहिल्या महिन्याच्या अठरा हजारांतले पंधरा हजार नुसतं व्याज. मुद्दलातून तीन हजारही कमी होत नाहीत. पुढे हळूहळू उलटतं, पण ते सगळं दुसऱ्या निम्म्यात. म्हणजे दहा वर्षांत मी एकवीस लाख साठ हजार भरलेले असतील, घेतले त्याहून जास्त, आणि तरी विसातले सहासुद्धा फिटलेले नसतील. असं का, ते मला विचारू नकोस. बाईंनी समजावलं तेव्हा अगदी लख्ख कळलं होतं. जिना उतरेपर्यंत निसटलं.

आणि नावाचं असं, की ते आपल्या घरच्या शब्दावर बदलत नाही. तेव्हा तुझी मिळकत चौदा लाखांच्या जोगी आहे असं बँकेला वाटलं तरच. नाहीतर तेहतिसाव्या वर्षीही कर्जदार मीच, आणि नोकरी सोडली तर हप्ता कोण भरणार? कॉलेजातल्या बाईंना काय लिहू ते सुचत नाही.

बाबांना हे तू सांग. तू समोर आहेस. मी लिहिलं तर त्यांना वाटेल की मी शब्द फिरवतेय.

तुझी,
ताई

ता. ११ एप्रिल

ताईस,
नमस्कार.

सांगितलं. आधी माझा राग सांगतो, मग बाबांचं.

म्हणजे पहिली दहा वर्षं तू बँकेचं व्याज भरणार, आणि माझ्या वाट्याला चौदा लाखांचं ओझं. खरं घर मी फेडणार. मग अर्धं-अर्धं कसं? निदान दोन तृतीयांश तरी माझं. हे मी रागाच्या भरात आईपुढे बोललो. आई शांतपणे म्हणाली की मग तुझ्या ताईने दहा वर्षं जे भरलं, ते कुठे गेलं? मी म्हटलं, व्याजात. ती म्हणाली, ते तिने भरलं नसतं तर तुला दहा वर्षांनी घर दिसलं असतं का? रात्रभर विचार केला. तूही तितकेच हप्ते भरणार, मीही तितकेच. तुझे हत्तीचे, माझे शेळीचे. पण फिटणार माझ्या हातून. असं होऊ शकतं का ताई, की आपण दोघंही फसलो आहोत आणि आपल्याला कुणीच फसवलेलं नाही?

बाबांनी तुझं पत्र माझ्याकडून वाचून घेतलं, मग स्वतः वाचलं. त्यांचा विश्वासच बसेना. निम्मी वर्षं झाली की निम्मं काम झालं, याच्या उलट जगात कुठे असतं, असं विचारत होते. मग कापड कापायला बसले. गल्लीत तेरा लाखांचं बोलणं बंद झालंय. लोखंडवाला येऊन गेला, त्याला आत घेतलं नाही.

वर जे रागाने लिहिलं ते खोडणार होतो. पण तू मला खोटं लिहीत नाहीस, म्हणून ठेवलं.

गुंड्या

ता. १६ एप्रिल

चि. माई,
आशीर्वाद.

बँकेचं निम्मं माझ्या निम्म्यासारखं नसतं, हे गुंड्याने मला चार प्रकारे सांगितलं. मला एकाही प्रकारे कळलं नाही, पण खोटं नाही एवढं कळलं.

मी तुला दहा वर्षांचा शब्द दिला. तो पाळणं माझ्या हातातच नव्हतं, आणि मी छाती ठोकून दिला. गिऱ्हाइकाला असा शब्द मी कधी दिला नाही आणि पोटच्या पोरीला दिला. हे मला जास्त लागलं. तेव्हा आता एकच उरतं. महिनाअखेर मालकीणबाईंना नाही म्हणून येतो. विसार बुडाला तर बुडू दे. मध्ये पडद्याऐवजी फळ्यांची भिंत घालतो, फटी बुजवतो. धूळ थोडी तरी थांबेल.

आईला सांगितलं. दुसऱ्या दिवशी सकाळी, बहिणीकडे दोन दिवस जाऊन येते, असं म्हणून गेली. रागावली असणार. मी अडवलं नाही. तिला दोन दिवस धूळ नाही, तेवढंच.

तुझ्या बाईंना लिही की मागची जागा ठेवा.

बाबा

ता. २० एप्रिल

ती. बाबांना,
सा. न. वि. वि.

आई मावशीकडे गेलेली नाही. ती माझ्याकडे आली आहे आणि हे लिहिताना माझ्या खाटेवर झोपली आहे. खोकली, पण थोडीच. रागावलेली नाही. तुम्हाला खोटं सांगितलं याचं तिला वाईट वाटतंय, पण खरं सांगितलं असतं तर तुम्ही टेप घेऊन बरोबर निघाला असता, असं तिचं म्हणणं.

बसमध्ये बसण्याआधी ती मालकीणबाईंकडे गेली होती. त्याच इमारतीत तळमजल्यावर मागच्या बाजूला त्यांच्याच आणखी दोन खोल्या आहेत. खिडकीतून सायकलींचा स्टँड दिसतो आणि दुसरं काहीच नाही, म्हणून कुणी घेत नाही. आईने त्या दिवशी जिन्यात दम घेतला, तो घेऊन झाल्यावर खाली जाऊन त्याच बघून आली होती. सतरा लाख. दिलेला विसार तिथे चालेल, असं मालकीणबाई म्हणाल्या. तुमच्याजवळ बोलायची आईची हिंमत झाली नाही, कारण तुम्ही तिसऱ्या खोलीत इतके रमला होता. तिसरी खोली झाडायला कुणी येणार होतं का, एवढं मात्र तिने मला विचारलं.

मग तिने माझ्यापुढे एकच प्रश्न ठेवला. तुझे बाबा दहा वर्षं म्हणाले होते, ती दहा खरोखरची दहा होतील असं काही आहे का?

तेव्हा मी तिला घेऊन बँकेत गेले. सतरातले पाच आपले, कर्ज बारा लाख, मुदत दहाच वर्षं. हप्ता पंधरा हजार दोनशे, म्हणजे आधीच्याहून कमी. एकूण सव्वाअठरा लाखांच्या आत. दहा वर्षांनी बाकी शून्य. ते शून्य मी पडद्यावर बोट ठेवून पाहिलं. आईनेही पाहिलं. अधिकारी बाईंनी लगेच बजावलं की दर बदलला तर यातलं थोडं इकडचं तिकडे होईल. म्हणजे घर कितीला पडणार हे मला आजही सांगता येत नाही, बाबा. पण आधी धुक्यात पलीकडचा काठच दिसत नव्हता, आता दिसतो.

बाकीचं मात्र अजून कळत नाही. सगळे हप्ते मी भरले तर घर कुणाचं? गुंड्याचा त्यात काय वाटा? त्याने काही न भरता त्याला अर्धं द्यावं की त्याने मला काही द्यावं? मी बोलत राहिले आणि आई ऐकत राहिली. शेवटी म्हणाली की घर माझ्या नावाने घ्या, बरोबर तुझं नाव लावा, आणि मी जिवंत आहे तोवर हा प्रश्न मला विचारू नका. गुंड्याला दहा वर्षं अठरा हजारांचं भय नसलं तर तो काहीतरी उभं करेल, असा तिचा भरवसा आहे. हे बरोबर आहे का? अन्याय आहे का? कुणावर? माहीत नाही. टंकलेखिकाबाईंना विचारलं नाही, रोखपालकाकांना तर नाहीच.

तुम्ही मला दिलेला शब्द मोडलेला नाही. मोडली ती एक खोली. माझ्यासाठी कमी घर घेतलं असं वाटून घेऊ नका. मी तेहतिसाव्या वर्षी खुर्ची सोडणार आहे, आणि त्या दिवशी पाठीमागे चौदा लाख नकोत, हा माझाही स्वार्थ आहे. फळ्यांची भिंत घालू नका. फळ्या परत द्या.

आईला शनिवारच्या बसमध्ये बसवते. घ्यायला थांब्यावर या, आणि वाटेत तिला काही विचारू नका.

माया आहे तेवढी राहू द्यावी. तिची वाटणी करू नये.

तुमची,
माई

ता. क. पत्र पुन्हा वाचलं तर तुमची परवानगी मागतेय असं वाटतं. तसं नाही, बाबा. बँकेच्या कागदांवर आम्ही दोघींनी काल दुपारीच सह्या केल्या. आधी आईने, मग मी.